कवितेला दाद मिळते, कवीला उपचार मिळावेत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत यवतमाळ जिल्ह्यातील एका शेतकरी कवीची कविता प्रसिद्ध झाली. डोक्यातला कल्लोळ थांबावा, नाल्याकाठच्या मोहाच्या झाडाखाली अंग टाकावे आणि कोणी हाक मारू नये, एवढेच तिच्यातले मागणे आहे. त्यातील निसर्गवर्णनाची स्तुती करणारी पत्रेही आपण छापलीत. हे कवी माझे स्नेही असून त्यांच्या संमतीनेच सांगतो, की त्यांना कित्येक महिने धड झोप लागलेली नाही आणि नैराश्यावर त्यांचे उपचार सुरू आहेत.

ते कृषी केंद्राच्या बिलांच्या कोऱ्या पाठीवर लिहितात. एका बाजूला बियाणे-खतांची उधारी आणि दुसऱ्या बाजूला पळस, टिटवी, नाल्याचे पाणी. कविसंमेलनात त्यांच्या दुःखाला दाद मिळते, शाल-श्रीफळ मिळते. मात्र गावी परतल्यावर ते चार-चार दिवस वावरात जात नाहीत, कोणाशी बोलत नाहीत, हे टाळ्या वाजवणाऱ्यांना ठाऊक नसते. कवी म्हटला की तो असाच असायचा, हे आपल्याकडचे कौतुकाचे बोलणे मला निष्ठुर वाटते.

ज्या निसर्गाची त्यांना ओढ आहे, तोही आता कवितेतच उरला आहे. गावाच्या ई-क्लास जमिनीवर, म्हणजे सरकारी गायरानावर, अतिक्रमण झाले, पांदण रुंद करताना दोन्ही बाजूंचे निंब आणि बाभळी तोडल्या गेल्या, आणि तो मोहही त्यातच गेला. सावलीने आजार बरा होत नाही हे खरे; तरी उपचार घेणाऱ्या माणसाला घडीभर निवांत बसायला गावात जागा नसावी, याचे मला फार वाईट वाटते.

मानसिक आरोग्यसेवा अधिनियम, 2017 च्या कलम 18 नुसार या सेवेसाठी कोणालाही दूरचा प्रवास करावा लागू नये, अशी व्यवस्था करणे शासनाला बंधनकारक आहे. या कवींना मात्र प्रत्येक तपासणीसाठी जिल्ह्याचे ठिकाण गाठावे लागते. कापूस वेचणीच्या दिवसांत ते जाणे टळते, गोळ्या संपतात आणि महिनाभरात आजार पुन्हा उलटतो. शासनाने 2015 मध्ये शेतकऱ्यांच्या समुपदेशनासाठी ‘प्रेरणा’ प्रकल्प सुरू केला, आशाताई घरोघरी चौकशीला जाऊ लागल्या, हे स्वागतार्हच आहे. परंतु चौकशीनंतरची औषधे तालुक्याच्या रुग्णालयात नियमित मिळाली नाहीत, तर त्या चौकशीचा रुग्णाला उपयोग काय? आरोग्य विभागाने निदान एवढी सोय करावी.

आपल्याकडेही एक विनंती आहे. अशी कविता छापताना तिच्याखाली ‘टेलिमानस’ या शासनाच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा क्रमांक द्यावा. ही सेवा मोफत असून चोवीस तास सुरू असते आणि तेथे मराठीतून बोलता येते. खेड्यापाड्यांतील बहुतेकांना तिची माहितीच नाही.

आपला,
एक वाचक, जि. यवतमाळ