तुरीचा भाव कळला, पुढं काय?

लातूर

प्रिय दिगू,

तुझ्या पोराला एआयची धास्ती वाटायलीय, आणि तू विचारतोस, इंटरनेट आलं तेव्हा लोक असेच घाबरले होते का? घाबरले होते की! आशाही तेवढीच दांडगी होती.

15 ऑगस्ट 1995ला विदेश संचार निगम या सरकारी कंपनीनं मोठ्या शहरांत इंटरनेट लोकांसाठी खुलं केलं. आपल्यासारख्यांना दराचा आकडा ऐकूनच गप्प बसावं लागलं. 1998च्या नोव्हेंबरात खासगी कंपन्यांना मुभा मिळाली आणि मग कुठं आपल्याकडं सायबर कॅफे दिसू लागले. प्लायवूडचे खण, त्यांना पडदे. त्या पडद्यांनीच निम्मं गाव घाबरवलं. "आत काय चाललंय ते दिसंना, म्हणजे वाईटच असणार," हे आमच्या नानांचं तर्कशास्त्र.

मला काळजी मराठीची होती. ईमेल रोमन लिपीत लिहायचा, आणि मराठी फाइल दुसऱ्याकडं पाठवली की त्याच्या संगणकावर तो फॉन्ट नसल्यानं नुसता चिन्हांचा चिवडा. ते युनिकोडनं, म्हणजे सगळ्या संगणकांवर अक्षरांसाठी एकच संकेत ठरल्यानं, निस्तरलं. पडद्याआडच्या पोरांचं म्हणशील, तर त्यातली कितीतरी आज पुण्यात नोकरीला आहेत.

आशेचं मात्र वेगळंच झालं. जो तो म्हणायचा, शेतकऱ्याला घरबसल्या बाजारभाव कळेल, मग आडत्याचं काही चालायचं नाही. 1998मध्ये कोल्हापूरकडच्या वारणानगर परिसरातल्या 70 गावांसाठी संगणक केंद्रांचा प्रकल्पही निघाला. त्यामागं सहकारी साखर कारखान्याचा जोर होता, आपल्याकडं तो कुठला?

तरी भाव आला, दिगू. लातूरच्या बाजारातला तुरीचा दर आता बांधावर, मोबाईलवर दिसतो. पण पीककर्जाचा हप्ता, खतवाल्याची उधारी, पोरीची फी हे सगळं तूर निघायची वाट बघत दारात उभं असतं. माल ठेवायला जागा नाही. पडलेला दर डोळ्यांनी बघत त्याच दरानं तूर ओतावी लागते. अण्णा एकदा म्हणाले, "पूर्वी फसलो ते मागून कळायचं, आता विकतानाच कळतंय." माहिती मिळाली की ताकद आपोआप येते, असं कुणी आपल्याला सांगितलं होतं की आपणच धरून चाललो, काय की.

म्हणून पोराला एवढंच विचार, एआयनं माहिती वाढवली तर तिचा वापर करायला थांबण्याची ऐपत कुणाकडं असेल? त्याचं उत्तर मला कळव.

आणि यंदाची तूर घाईनं काढू नकोस. बाजार समितीच्या गोदामात माल ठेवला तर किमतीच्या 75 टक्क्यांपर्यंत तारण कर्ज मिळतं. सातबारा घेऊन ये, आपण मिळून जाऊ. वहिनींना नमस्कार सांग.

तुझा,
बाळू