पैलवान नव्हे, रीळ पळतंय

संपादक महोदय,

कोल्हापूरवरच्या माहितीपटात जुनं चित्रण आलं की खासबागेतले पैलवान आणि जोतिबाच्या सासनकाठ्या नाचवणारे भाविक तुरुतुरु पळताना दिसतात आणि प्रेक्षागृहात हशा पिकतो. गोम एवढीच, की सेकंदाला १६ चौकटींनी (म्हणजे फ्रेमनी) घेतलेलं चित्रण २४ किंवा २५ च्या वेगाने चालवलेलं असतं. १६ मिलिमीटर रुंद फिल्मच्या ४०० फुटी रिळात १६ हजार चौकटी बसतात. २४ च्या वेगाने ते ११ मिनिटांत संपतं, १६ च्या वेगाने १६ मिनिटं ४० सेकंद चालतं. हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यात तर एकाच रिळात वेग कमी-जास्त होतो. तिथे चालणाऱ्याचं पाऊल बघून शॉटगणिक वेग ठरवावा लागतो. काम किचकट आहे, पण त्याला पर्याय नाही.

दुसरी खोड म्हणजे जुनं चौकोनी चित्र आजच्या रुंद पडद्यावर भरण्यासाठी वरून-खालून कापणं. यात चित्राचा जवळजवळ चौथा हिस्सा जातो. कुस्तीत पायच दिसले नाहीत तर पट काढला की टांग मारली, कळणार कसं? दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू द्याव्यात.

रीळ हाती आलं की लगेच प्रोजेक्टरवर चढवून भिंतीवरचं चित्र मोबाइलने टिपू नये. प्रोजेक्टरची आणि मोबाइलची उघडझाप जुळत नाही, म्हणून चित्र लुकलुकतं. शिवाय जुनी फिल्म आकसलेली असते. १०० चौकटींची लांबी ताज्या फिल्मशी ताडून बघावी. एक टक्का कमी भरली तरी प्रोजेक्टरचे दात कडेची छिद्रं फाडतात. आधी सुटलेले सांधे नीट करावेत, मग थेट स्कॅनिंग. वर सांगितलेल्या रिळाची प्रत्येक चौकट २के दर्जात (सुमारे दोन हजार ठिपके रुंद) वेगळी साठवली तर सुमारे २०० जीबी जागा लागते, हे हिशेबात धरावं.

डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबूस वास आला तर ते रीळ इतरांपासून दूर ठेवावं, तो वास शेजारच्या रिळांनाही बाधतो. १९५० च्या आसपासची किंवा त्याआधीची ३५ मिलिमीटरची फिल्म नायट्रेटची, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या जुन्या प्रकारची, असू शकते. ती एकदा पेटली की पाण्यातही विझत नाही. तिला घरी हात न लावता पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला विचारावं.

२०१९ आणि २०२१ च्या पुरांनंतर हेही सांगायला हवं: भिजलेलं रीळ उन्हात वाळवू नका. वेटोळी एकमेकांना चिकटतात आणि सोडवताना चित्रच सोलून निघतं. स्वच्छ थंड पाण्यात बुडवून ठेवूनच ते प्रयोगशाळेत न्यावं.

चित्रणाचा काळ ठरवताना ‘कोल्हापूर नगरपालिका’ अशी पाटी दिसली तर ते डिसेंबर १९७२ पूर्वीचं असण्याची शक्यता जास्त, कारण तेव्हा नगरपालिकेची महानगरपालिका झाली. मात्र आपल्याकडे पाट्या बदलायला किती वेळ लागतो हे सर्वांना ठाऊक आहे, तेव्हा एकट्या पाटीवर विसंबू नये.

आणि फेट्याचा रंग संगणकाने ठरवला असेल, हलगी मागाहून घातली असेल, तर तसं ते दृश्य चालू असतानाच पडद्यावर लिहावं. श्रेयनामावली येईपर्यंत अर्धे लोक पार्किंगमध्ये पोचलेले असतात.

– एक संकलक, मंगळवार पेठ, कोल्हापूर