फुलपाखरांना फुले, अळ्यांना औषध

महोदय,

आमच्या वसाहतीत गेल्या पावसाळ्यात ‘फुलपाखरू उद्यान’ म्हणून एक कोपरा राखून तेथे एक्झोरा, पेंटास आणि रंगीत घाणेरी लावण्यात आली. त्याच आठवड्यात, तेथून वीस पावलांवरच्या कढीपत्त्याला ‘कीड लागली’ म्हणून औषध फवारले गेले. पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसणारी, मोठेपणी हिरवी होणारी ती ‘कीड’ म्हणजे कॉमन मॉरमॉन या फुलपाखराच्या अळ्या होत्या.

महाराष्ट्राने २०१५ साली ‘नीलवंत’ म्हणजेच ब्लू मॉरमॉनला राज्य फुलपाखराचा मान दिला. त्याची अळी माकडलिंबू, पपनस अशा लिंबाच्या कुळातील झाडांवर वाढते, हे मात्र किती जणांना ठाऊक असेल? मध अनेक प्रकारच्या फुलांतला चालतो. अंडी घालायला मादीला ठरावीक वनस्पतीच लागते. प्लेन टायगरला रुई, कॉमन एमिग्रंटला बहावा किंवा टाकळा, तर कॉमन जेझबेलला चक्क बांडगूळ. आपण तण किंवा उपद्रव म्हणून जे उपटतो, त्यातच यांचा पाळणाघराचा संसार असतो.

ईश्वरीच्या वेलाचे उदाहरण बोलके आहे. क्रिमझन रोज आणि कॉमन रोज यांच्या अळ्या हा विषारी वेल खाऊन स्वतः बेचव होतात, म्हणून पक्षी त्या फुलपाखरांच्या वाटेला जात नाहीत. कॉमन मॉरमॉनच्या काही माद्या त्यांचेच रूप घेऊन बचावतात. (ओळखायची खूण सोपी आहे: ‘रोज’ फुलपाखरांचे अंग लाल, मॉरमॉनचे काळे.) वेल गेला की मूळ फुलपाखरू जाते आणि मग या सोंगाला घाबरायचे कोणी? हा वेल मी तीन रोपवाटिकांत मागितला. एकीतही मिळाला नाही, पेंटास मात्र तिन्हींत होता.

म्हणून नगरपालिका व गृहसंस्थांना विनंती आहे की, नवी उद्याने उभारताना शोभेच्या झुडपांइतकीच जागा अळ्यांच्या खाद्यवनस्पतींना द्यावी, फुलपाखरांच्या फलकावर अळीचेही चित्र लावावे आणि रस्त्याकडेचा टाकळा सरसकट न कापता काही पट्टे पावसाळा संपेपर्यंत राखावेत. आमच्या कढीपत्त्याला नवी पालवी आली आहे. यंदा तेथे फवारणी करू नये, असा अर्ज मी वसाहतीच्या समितीकडे दिला आहे.

आपला,
एक वाचक, सातारा