बारा जणांच्या सहलीत सव्वीस प्रवासी : मेक्सिको सहलीबाबत तक्रार पत्र

प्रति,
व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग (परदेश सहली)

विषय : 'मेक्सिको सिटी आणि वसाहतकालीन नगरे' या ५ ते १२ नोव्हेंबरच्या छोट्या गटाच्या सहलीत कबूल केलेली सेवा न मिळाल्याबाबत.

महोदय,

स. न. वि. वि.

वरील सहलीत मी आणि माझे पती सहभागी झालो होतो. परत आल्यानंतर तिसऱ्याच दिवशी मी आपल्याला ईमेलने तक्रार कळवली होती. त्यावर आलेल्या उत्तरात आपल्या कार्यालयाने रस्त्यांवरील वाहतूक, हॉटेलातील न्याहारी आणि विमानतळावरचा विलंब या तीन गोष्टींबद्दल दिलगिरी व्यक्त केली आहे. यांपैकी एकाही गोष्टीबद्दल माझी तक्रार नव्हती. दोन कोटींहून अधिक वस्तीच्या महानगरात वाहतूक तुंबणारच, हे समजण्याइतके आमचे वय झाले आहे. माझी तक्रार केवळ एका आकड्याविषयी आहे आणि तो आकडा आपणच छापलेला आहे, म्हणून हे सविस्तर पत्र लिहीत आहे.

आपल्या माहितीपत्रकाच्या पहिल्या पानावर ठळक अक्षरांत 'गटात जास्तीत जास्त १२ प्रवासी' असे लिहिलेले आहे. याच मार्गाची, याच मुक्कामांची मोठ्या गटाची सहलही आपली कंपनी काढते आणि ती स्वस्त आहे. आम्ही दोघांनी दरडोई ६८,००० रुपये जादा भरून छोटा गट निवडला, तो केवळ या एका ओळीसाठी. माझ्या पतींना गुडघ्यांचा त्रास आहे आणि मेक्सिको सिटी समुद्रसपाटीपासून सुमारे २,२४० मीटर उंचीवर असल्यामुळे तेथे भरभर चालले की आमच्या वयाच्या माणसाला धाप लागते. सावकाश पाहता यावे, विचारता यावे आणि थांबता यावे, एवढ्यासाठी ते जादा पैसे होते.

आपण काय विकले होते, ते आम्हाला एक दिवस मिळाले, हे प्रथम प्रामाणिकपणे नोंदवते. गुरुवारी, सहलीच्या पहिल्या दिवशी, आम्ही खरोखरच बारा जण होतो. स्थानिक मार्गदर्शक बाई अभ्यासू होत्या आणि त्यांचे इंग्रजी स्वच्छ होते. सोकालो चौकाशेजारच्या तेम्प्लो मायोर या, स्पॅनिशांच्या आधीच्या अस्तेक लोकांच्या मंदिराच्या अवशेषांपाशी त्यांनी १९७८ साली वीज कंपनीच्या कामगारांना खोदकाम करताना कोयोल्शाउकी देवीची सव्वातीन मीटर व्यासाची शिळा कशी सापडली आणि त्यामुळे भर शहरातले उत्खनन कसे सुरू झाले, ते उभ्या उभ्या नव्हे, तर आम्हाला कठड्यावर बसवून सांगितले. तेथून जवळच असलेले मुख्य कॅथीड्रल १५७३ ते १८१३ अशी सुमारे २४० वर्षे बांधले जात होते आणि जुन्या तळ्याच्या मऊ गाळावर उभे असल्यामुळे ते असमान खचत आले आहे. आत छतापासून एक ओळंबा सोडलेला आहे आणि इमारत किती कलली, कधी कलली याच्या खुणा त्याच्या खाली जमिनीवर केलेल्या आहेत. त्या खुणांभोवती बारा माणसे कोंडाळे करून उभी राहू शकतात. सव्वीस राहू शकत नाहीत. हे वाक्य मी रागाने लिहीत नसून पुढच्या चार दिवसांच्या अनुभवावरून लिहीत आहे.

गुरुवारी रात्री आपल्याच कंपनीचा आणखी एक, चौदा जणांचा गट त्याच हॉटेलात उतरला आणि शुक्रवारी सकाळी आम्हाला न विचारता, आधी न कळवता, दोन्ही गट एकत्र करण्यात आले. छोटी व्हॅन जाऊन मोठी बस आली. मार्गदर्शक एकच राहिल्या आणि त्यांचे बोलणे लांबूनही ऐकू यावे म्हणून कानात लावायचे यंत्र कोणालाही दिले गेले नाही. नव्याने आलेल्या मंडळींशी आमचे काहीही वैर नाही. तीही बिचारी छोट्या गटाचेच पैसे भरून आली होती आणि आमच्याकडे पाहून तितकीच चकित झाली होती.

त्याच दिवशी कोयोआकानमधील 'निळे घर' पाहायचे होते. चित्रकार फ्रिडा कालो यांचा जन्म १९०७ साली तेथेच झाला, १९५४ साली मृत्यूही तेथेच झाला आणि १९५८ पासून ते संग्रहालय म्हणून खुले आहे. घर लहान, गर्दी अफाट, त्यामुळे प्रवेशाची तिकिटे ठरावीक वेळेची असतात आणि ती ऑनलाइन आगाऊ काढावी लागतात. आमच्या मूळ गटाची बारा तिकिटे काढलेली होती. चौदा जणांची नव्हती. आपल्या टूर मॅनेजरनी दारात उभे राहून दोन-तीन फोन केले आणि शेवटी 'काहींना दाखवायचे आणि काहींना नाही, हे बरे दिसत नाही' असे सांगून सर्वांनाच कोयोआकानच्या चौकात दोन तास मोकळे सोडले. समानतेचा हा प्रयोग मी प्रथमच पाहिला. त्या बारा तिकिटांचे, ज्यांचे पैसे आम्ही सहलीच्या शुल्कात भरले होते, पुढे काय झाले याचा खुलासा आजतागायत मिळालेला नाही.

शनिवारी तेओतिवाकान या प्राचीन नगरीच्या अवशेषांपाशी विस्तीर्ण मोकळी जागा असल्यामुळे संख्या फारशी जाणवली नाही. त्या दिवसाबद्दल माझी तक्रार नाही.

यानंतर जे झाले ते मात्र अधिक गंभीर आहे. आमच्या छापील कार्यक्रमानुसार रविवारी पुएब्ला आणि चोलुला, सोमवारी तास्को आणि मंगळवारी मेक्सिको सिटीतील राष्ट्रीय मानववंशशास्त्र संग्रहालय असा क्रम होता. हा क्रम ज्या कोणी आखला त्या व्यक्तीला त्या देशाची चांगली माहिती असावी, कारण तेथील बहुतेक संग्रहालये सोमवारी बंद असतात आणि तास्कोत आम्हाला पाहायचे होते ते चर्च, जे सोमवारीही उघडे असते. दुसऱ्या गटाच्या कार्यक्रमाशी जुळवून घेण्यासाठी आपण हा क्रम मोडला आणि रविवारी मानववंशशास्त्र संग्रहालय, सोमवारी पुएब्ला, मंगळवारी तास्को असा नवा क्रम शनिवारी रात्री जेवणाच्या टेबलावर जाहीर केला. मी तेथेच पुएब्लातील ग्रंथालय सोमवारी उघडे असते का, असे विचारले होते. टूर मॅनेजरनी 'सगळे व्यवस्थित आहे, काकू, काळजी करू नका' असे उत्तर दिले.

रविवारी त्या संग्रहालयात मेक्सिकोच्या नागरिकांना प्रवेश विनामूल्य असतो, त्यामुळे संपूर्ण आठवड्यातील सर्वाधिक गर्दी त्या दिवशी होते. शिवाय ज्या पासेओ दे ला रेफोर्मा या रस्त्यावर ते आहे, तो रविवारी सकाळी सायकलस्वारांसाठी मोटारींना बंद ठेवला जातो. ही गोष्ट त्या शहरातील प्रत्येक चालकाला ठाऊक आहे. आमची बस परिणामी बरीच अलीकडे थांबली आणि माझ्या पतींना तेथून रांगेपर्यंत आणि रांगेत मिळून सव्वा तास उभे राहावे, चालावे लागले. आत गेल्यावर १७९० साली सोकालोत सापडलेल्या आणि सुमारे २४ टन वजनाच्या सूर्यशिळेपुढे मार्गदर्शक बाई बोलत असताना मी अठराव्या की एकोणिसाव्या क्रमांकावर उभी होते. त्यांचे ओठ हलताना दिसत होते, एवढेच.

आता पुएब्लाविषयी. मी ३१ वर्षे एका महाविद्यालयात ग्रंथपाल म्हणून नोकरी केली. निवृत्तीनंतर एकदा तरी पाहावे म्हणून मनात धरलेल्या ठिकाणांपैकी पुएब्लाचे पालाफोक्सियाना ग्रंथालय पहिले होते आणि आपल्या माहितीपत्रकात त्याचे नाव दिसले, म्हणूनच आम्ही इतर कंपन्या सोडून आपल्याकडे आलो. बिशप हुआन दे पालाफोक्स यांनी १६४६ साली आपले स्वतःचे ५,००० ग्रंथ दान करून ते सुरू केले आणि ते केवळ धर्मगुरूंसाठी नव्हे, तर वाचता येणाऱ्या कोणालाही खुले असावे अशी इच्छा ठेवली. आज तेथे ४५,००० हून अधिक ग्रंथ तीन थरांच्या लाकडी कपाटांमध्ये आहेत आणि युनेस्कोने २००५ साली त्याचा जागतिक स्मृती नोंदवहीत समावेश केला आहे. सोमवारी सकाळी साडेअकराच्या सुमारास आम्ही सव्वीस जण त्या वास्तूपाशी पोहोचलो आणि ग्रंथालय बंद असल्याचे आम्हाला दारावरच्या फलकाने सांगितले. मी तो फलक वाचला, स्पॅनिश येत नसूनही तो मला समजला, आणि मी टूर मॅनेजरकडे पाहिले तेव्हा ते फोनवर बोलत होते.

मार्गदर्शक बाईंनी तत्परतेने सुचवले की त्याच शहरातील आम्पारो संग्रहालय सोमवारी उघडे असते, तेथे जाता येईल. तेही 'एवढ्या मंडळींना वेळ पुरणार नाही' म्हणून नाकारले गेले. १६९० साली पूर्ण झालेले, भिंतींपासून घुमटापर्यंत सोनेरी नक्षीने भरलेले रोझारियो चॅपल आम्हाला दाखवले, परंतु मागचा गट आत येण्यासाठी पुढच्या गटाने बाहेर पडायचे, अशा पाळ्या लावल्यामुळे प्रत्येकाच्या वाट्याला सात-आठ मिनिटे आली. दुपारी जेवणासाठी सव्वीस जणांची एकत्र सोय होईल असे ठिकाण शोधण्यात इतका वेळ गेला की चोलुला रद्द करण्यात आले. ज्या प्रचंड पिरॅमिडच्या माथ्यावर स्पॅनिशांनी चर्च बांधले तो पिरॅमिड पुएब्लापासून अवघ्या काही किलोमीटरवर होता आणि आम्ही तो बसच्या खिडकीतूनही पाहिला नाही.

तास्कोमध्ये तर बसच्या आकारानेच दिवस गिळला. डोंगरउतारावर वसलेल्या या चांदीच्या गावातील दगडी गल्ल्या इतक्या चिंचोळ्या आणि चढाच्या आहेत की मोठ्या बसगाड्या खालच्या मुख्य रस्त्यावरच थांबतात आणि वर जायला लहान व्हॅन किंवा तेथील प्रसिद्ध फोक्सवॅगन बीटल टॅक्सी घ्याव्या लागतात. बारा जण दोन-तीन फेऱ्यांत वर पोहोचले असते. आम्हा सव्वीस जणांना पन्नास मिनिटे लागली. वर पोहोचल्यावर प्रथम चर्च दाखवले जाईल अशी माझी समजूत होती, परंतु आम्हाला एका चांदीच्या दुकानात नेण्यात आले आणि तेथे आम्ही एक तास चाळीस मिनिटे होतो. खाणमालक होसे दे ला बोर्दा यांनी १७५१ ते १७५८ या अवघ्या सात वर्षांत आपल्या संपत्तीतून उभारलेल्या सांता प्रिस्का चर्चसाठी, ज्याच्या आतील सोन्याने मढवलेल्या वेद्या पाहायला लोक जगभरातून येतात, आम्हाला वीस मिनिटे मिळाली. या दुकानाशी आपल्या कंपनीचा काही व्यवहार असल्यास तो माहितीपत्रकात नमूद करावा, म्हणजे ग्राहक त्या हिशेबाने सहल निवडतील.

आपल्या उत्तरात अटींच्या कलमाचा आधार घेऊन 'अपरिहार्य परिस्थितीत कार्यक्रमात बदल करण्याचा अधिकार कंपनीकडे राखीव आहे' असे लिहिले आहे. वादळ, भूकंप, संप किंवा रद्द झालेले विमान यांना मी अपरिहार्य म्हणेन आणि तक्रार करणार नाही. दोन गटांसाठी दोन गाड्या आणि दोन मार्गदर्शक परवडत नाहीत म्हणून ते एकत्र करणे, हा कंपनीने आपल्या नफ्यासाठी घेतलेला निर्णय आहे. त्याचे नाव अपरिहार्यता नव्हे. शिवाय ते कलम कार्यक्रमातील बदलाबद्दल आहे. गटाची कमाल संख्या वाढवण्याचा अधिकार त्यात कोठेही दिलेला नाही. मी ते कलम, ग्रंथपालाच्या सवयीने, तीन वेळा वाचले आहे.

नुकसानभरपाई म्हणून आपण पुढील सहलीवर ५,००० रुपयांची सवलत देऊ केली आहे. ती मी नाकारते. ज्या सेवेबद्दल तक्रार आहे तीच सेवा पुन्हा विकत घेतल्यावर मिळणारी भरपाई ही भरपाई नसते.

माझी मागणी अशी आहे. छोट्या गटासाठी आम्ही जादा भरलेले दरडोई ६८,००० रुपये, म्हणजे दोघांचे मिळून १,३६,००० रुपये, आणि न वापरलेल्या 'निळ्या घरा'च्या दोन तिकिटांचे मूल्य आमच्या खात्यात परत करावे. संपूर्ण सहलीचे शुल्क मी मागत नाही, कारण विमानप्रवास, मुक्काम आणि गुरुवार आम्हाला मिळाला. दोन गट एकत्र करण्याचा निर्णय कोणी, कधी आणि कोणत्या कारणासाठी घेतला याचे लेखी स्पष्टीकरण द्यावे. माहितीपत्रकातील 'जास्तीत जास्त १२' ही ओळ पाळता येत नसेल, तर पुढच्या आवृत्तीतून ती काढून टाकावी. मार्गदर्शक बाईंवर मात्र या पत्रामुळे कोणतीही कारवाई होऊ नये, अशी माझी स्वतंत्र विनंती आहे. सव्वीस जणांपुढे घसा बसेपर्यंत बोलणारी त्या सहलीतील ती एकमेव व्यक्ती होती, जिने आपले काम कबूल केल्याप्रमाणे केले.

हे पत्र मिळाल्यापासून ३० दिवसांत समाधानकारक उत्तर न आल्यास ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ अन्वये सेवेतील त्रुटी आणि दिशाभूल करणारी जाहिरात या कारणांवरून मी ग्राहक आयोगाकडे दाद मागेन. मूळ गटातील अन्य चार प्रवाशांनी आपली निवेदने सही करून माझ्याकडे दिली आहेत.

सोबत : माहितीपत्रकाचे पहिले पान, मूळ व बदललेला कार्यक्रम, शुल्काची पावती, सोमवारी बंद असलेल्या ग्रंथालयाच्या दाराचे छायाचित्र, आणि सहप्रवाशांची निवेदने यांच्या प्रती.

कळावे,

आपली विश्वासू,
(सही)
सहलीतील एक प्रवासी
नोंदणी क्रमांक सोबतच्या पावतीवर