निळ्या पडद्याची गोष्ट

मा. संपादक,
स.न.वि.वि.

‘अंधाऱ्या खोलीत भिंतीवर सिनेमा दाखवायचा आणि त्याला कला म्हणायचं’ असं एका वाचकाचं पत्र आपण गेल्या आठवड्यात छापलंत. मी चौतीस वर्षं वायरमनचं काम केलं. कलेतलं मला ओ की ठो कळत नाही, पण अंधाऱ्या खोलीतलं थोडं कळतं.

थंडीत आम्ही दोघं शहरातल्या एका हॉलमध्ये असंच प्रदर्शन बघायला गेलो. नात फाइन आर्ट्सला आहे, तिचा हट्ट. चार प्रोजेक्टर, त्यातल्या दोनांचा नुसता निळा उजेड. सौ. त्या निळ्या भिंतीपुढे पाच मिनिटं हाताची घडी घालून उभ्या. आपल्याला कळत नाही हे चारचौघांत दिसायला नको ना! टेबलावरच्या मुलाला विचारलं, तर म्हणाला, “ते तसंच आहे, काका.” कोपऱ्यात ‘नो सिग्नल’ अशी अक्षरं होती. स्टूल ओढून चढलो. प्रोजेक्टरला चित्र पोचवणाऱ्या एचडीएमआय केबलची पिन अर्धी बाहेर. दाबली, तर भिंतभर एका बाईचे हात आले, कणीक मळणारे. मनगटातली हिरवी बांगडी पिठाने पांढरी झालेली. सौ. म्हणाल्या, “अगंबाई, हे होतं होय!”

घरी आल्यावर नातीने फोनवर चित्रकार नलिनी मलानींचं काम दाखवलं. 2012 साली जर्मनीत कासेलच्या डॉक्युमेंटा प्रदर्शनात मांडलेलं. मायलर नावाच्या पारदर्शक प्लॅस्टिकची पाच नळकांडी वर टांगलेली, आतल्या बाजूने रंगवलेली, गरागरा नव्हे, सावकाश फिरणारी. त्यांच्यातून सहा व्हिडिओंचा उजेड जातो आणि भिंतींवर सावल्या चालतात. उलट बाजूने रंगवायची ही रीत त्यांनी आपल्या बडोद्याच्या चित्रकार भूपेन खख्खरांकडून घेतली, हे ऐकून ऊर भरून आला. माझं लक्ष मात्र मोटरींकडे. एक अडली की तिची सावली जागीच खिळणार. तैलचित्राला एक खिळा पुरतो. ह्याला रोज सकाळी माणूस लागतो.

इथंच बडोद्यात शिकलेले कलाकार निखिल चोप्रा 2019 मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात नऊ दिवस मुक्काम ठोकून, वेश बदलत, चित्रं काढत राहिले. तिथं कलाकृती म्हणजे माणूसच, वायर सैल व्हायची भीती नाही, पण दहाव्या दिवशी गेलेल्याला काय दिसणार?

म्हणून आयोजकांनी दारावर व्हिडिओ किती मिनिटांचा ते लिहावं, बसायला बाकडं ठेवावं, आणि टेबलावरच्या मुलाला निळा पडदा म्हणजे काय ते एकदा समजावून सांगावं. आपणही बातमीत उद्घाटन कोणाच्या हस्ते झालं ह्याला चार ओळी देता, त्यातली एक ओळ वेळेला द्या.

आणि त्या पत्रलेखक गृहस्थांनी बघितलेली भिंत निळी तर नव्हती ना, एवढं जमल्यास विचारून घ्यावं.

— एक निवृत्त वायरमन, दांडिया बाजार, बडोदे