मोठ्या बाबांना फोन कर

चि. पिंट्यास अनेक आशीर्वाद,

पुण्याला पोचल्याचा मेसेज मिळाला. तान्ह्या पोळ्याच्या रात्रीच निघालास, नीट बोलणं झालंच नाही. मोठे बाबा अजून चहाला खाली आलेले नाहीत.

डोकं तुझं तल्लख आहे, मानतो. ‘सोनं वाढलंय, किती झाले बघू’ म्हणत त्यांच्या गळ्यातला गोफ उतरवलास आणि व्याह्यांसमोर स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवलास. पाच तोळे म्हणजे ५० ग्रॅम भरायला हवे, काटा २४ वरच थांबला. पितळ सोन्याच्या निम्म्यानंही भरत नाही, हे तुला बरोबर सुचलं. सगळे पोट्टे हसले. पोरांना बोजारा, म्हणजे पोळ्याची भेट, वाटताना मोठ्या बाबांचा हात मात्र तिथंच थांबला. तीन बटणं उघडी टाकणारा माणूस आता गळ्यापर्यंत शर्ट लावून बसतो.

खरा गोफ लॉकरमध्ये आहे रे. मारबतीच्या पुतळ्यांच्या मिरवणुकीतल्या गर्दीत ते तो मिरवत फिरायचे. कोणी हिसकला तर मानेला इजा व्हायची, या धास्तीनं मोठ्या आईनं इतवारी बाजारातून हुबेहूब पॉलिशचा करून आणला आणि गुपचूप बदलला. घरात सगळ्यांना ठाऊक होतं, त्यांनाच नव्हतं. आता ते तिच्याशीही बोलत नाहीत. नीट जेवतही नाहीत.

मोठ्या माणसाचा तोरा चारचौघांत उतरवू नये. त्यातून ते माझे थोरले भाऊ, घर त्यांनी उभं केलं, आणि तू... जाऊ दे. प्रवासातून दमून गेलास आणि मी सुनावत बसलो. राग मानू नको.

पिवळी मारबत १८८५ पासूनची, हे ते दरवर्षी भेटेल त्याला सांगतात. लहानपणी ती पाहायला तू त्यांच्याच खांद्यावर बसून गेला होतास. ‘घेऊन जा गे मारबत’चा गलका झाला, तू घाबरून गोफ ओढलास आणि कडी तुटली. तेव्हा तो खरा होता. त्यांनी आधी तुझी पडलेली चप्पल शोधली, मग कडी. पुढं महिनाभर मोहल्ल्यात सांगत होते, ‘पुतण्याच्या मुठीत जोर पाहा!’

बीपीची गोळी मोठी आई ताटाशी ठेवते, ती तशीच राहते. म्हणून म्हणतो, रविवारी सकाळी फोन लाव. वजनाचा विषय काढू नको. पोळ्यातला त्यांचा फेट्यातला फोटो माग. फोटो मागितला की ते बोलतील, मला तरी तसं वाटतं. उचलला नाही तर संध्याकाळी पुन्हा लाव.

तुझे बाबा