अश्दोदहून दादांस

अश्दोद, इस्रायल
१९ नोव्हेंबर २०२३

तीर्थरूप दादांस,
साष्टांग नमस्कार व शालोम.

एकुलत्या एका मुलाला लढाईवर कसे पाठवलेस, असे तुम्ही फोनवर विचारलेत. तेव्हा मला बोलवेना, म्हणून लिहिते आहे.

येथे एकुलत्या मुलाला आईवडिलांच्या लेखी संमतीवाचून लढाऊ तुकडीत घेत नाहीत. अठराव्या वर्षी तो कागद घरी आला, यांनी त्याच दिवशी सही केली, आणि मी मात्र तो आठ दिवस पिठाच्या डब्याखाली दडपून ठेवला. मुलगा एका शब्दाने बोलला नाही. रोज संध्याकाळी तेवढा डबा उचलून पाही. नवव्या दिवशी मी सही केली. ते चूक होते की बरोबर, हे मला आजही ठरवता येत नाही.

७ ऑक्टोबरला, हमासने हल्ला केला त्या दिवशी, शब्बाथ म्हणजे शनिवारचा विसाव्याचा दिवस होता आणि सिम्हाथ तोराचा सणही. त्या दिवशी आम्ही फोनला हात लावत नाही, पण त्याने तो उचलला. ‘त्साव श्मोने’, म्हणजे राखीव सैनिकांचे तातडीचे बोलावणे. असे सुमारे ३ लाख ६० हजार जणांना बोलावले गेले, पण मला दिसत होती ती दारातली त्याची एकच पिशवी. तिच्यात मी कालच्या चपात्या आणि खोबऱ्याची चटणी कोंबली.

एकदा तो रात्रीपुरता आला. गणवेश धुताना खिशांतून इतकी वाळू निघाली की मोरी तुंबली. आता गाझात आत जाताना त्यांचे फोन काढून घेतात. माझ्या निरोपापुढे एकच खूण दिसते, दुसरी उमटत नाही. रॉकेटचा भोंगा झाला की आम्हाला सुरक्षित खोलीत शिरायला ४५ सेकंद मिळतात. तो जिथे आहे तिथल्या आयांना तेवढीही मिळत नसतील. हे इथे कोणाजवळ बोलत नाही, तुम्हाला लिहिते.

एक काम करा. वहिनींना घेऊन अलिबागजवळच्या खंडाळ्याला एलियाहू हन्नबीच्या टाप्यावर, त्या संदेष्ट्याच्या रथाची खूण मानतात त्या खडकावर, जा आणि पोहे, गूळ, खोबऱ्याचा मलिदा करा. नवस बोलताना मुलाच्या नावापुढे माझे नाव लावा, यांचे नको. संकटातल्या माणसासाठी प्रार्थना करताना आपल्या बेने इस्रायल यहुद्यांत आईचेच नाव घेतात.

तुमची धाकटी बहीण